वणवा

वणवा : वनात, गवताळ माळावर किंवा झुडपी रानात लागून माणसाच्या नियंत्रणाबाहेर मोकळेपणी पसरणारी आग. दावाग्नी व दावानल ही तिची संस्कृत नावे होत. शेताच्या मर्यादेत केलेली भाजणी किंवा वनखात्याने आखून घेतलेल्या पट्ट्यातील जाळणी यांना वणवा म्हणत नाहीत. मात्र अशी आग आखलेली सीमा ओलांडून रानात शिरली की तिचा वणवा होतो.

वणव्याचा वनावर होणारा परिणाम मुख्यतः आगीची तीव्रता, ती लागण्याचा ऋतू आणि एका आगीपासून पुढील आगीपर्यंत जाणारा काळ, म्हणजेच पुनरावृत्तिकाळ, या तीन गोष्टींवर अवलंबून असतो. यांपैकी पहिल्या गोष्टीकडे सहज लक्ष जाते, कारण प्रचंड ज्वाळा डोळ्यांना दिसतात. वनाच्या आयुष्याच्या दृष्टीने मात्र पुनरावृत्तिकाळाला सर्वाधिक महत्त्व आहे. कॅनडातील स्प्रूसचे वन शंभर वर्षांतून एकदा समूळ जळते आणि पुन्हा उभे राहते. याउलट भिवंडी–वाडा–शहापूर परिसरातील पानझडी वनात गुडघाभर उंचीची आग दर एक-दोन वर्षांनी फिरते. तिने मोठा वृक्ष क्वचितच मरतो, परंतु त्याची जागा घेणारे रोप वाढू शकत नाही.

ज्वलन व प्रसार : आग लागण्यास जळण, ऑक्सिजन व उष्णता या तिन्हींची गरज असते. लाकूड वा पान तापू लागले की प्रथम त्यातील पाणी निघून जाते. नंतर ज्वलनशील वायू बाहेर पडू लागतात आणि सु. ३००° से. तापमानाच्या आसपास ते पेट घेतात. त्यामुळे जळणातील ओलावा हाच आगीचा पहिला अडसर होय. वाळलेले गवत व पाने यांसारखे बारीक जळण हवेतील आर्द्रतेनुसार काही तासांत कोरडे वा दमट होते. पडलेला ओंडका सुकण्यास कित्येक आठवडे लागतात. म्हणूनच सकाळी न पेटणारा पाचोळा दुपारी एका ठिणगीने पेटतो.

आगीचा वेग वारा व भूमीचा उतार यांवर अवलंबून असतो. चढावर ज्वाळा पुढील जळणाकडे कललेल्या असतात व ते आधीच तापवून कोरडे करतात. उतार सु. १०° नी वाढला की चढावरील आगीचा वेग साधारणपणे दुप्पट होतो, असे वनाग्निशास्त्रात मानतात. सह्याद्रीच्या उतारांवर दुपारी लागलेला वणवा झपाट्याने माथ्याकडे जातो, तर रात्री थंड हवा खाली उतरू लागल्यावर तोच वणवा मंद गतीने खाली सरकतो. कधी जळते ओंडके व फांद्या घरंगळत गेल्याने तो दरीच्या दुसऱ्या बाजूसही लागतो.

आगीची तीव्रता मोजण्यासाठी बायरम या अमेरिकी शास्त्रज्ञाने १९५९ मध्ये मांडलेले सूत्र वापरतात. जळणाचे दर क्षेत्रामागील वजन, त्यातून मिळणारी उष्णता आणि आगीचा वेग यांचा गुणाकार केला म्हणजे आगीच्या आघाडीच्या प्रत्येक मीटरमागे निघणारी शक्ती मिळते. पानझडी वनातील पाचोळ्याच्या आगीत ती सामान्यतः काहीशे किलोवॉट असते. उत्तरेकडील सूचिपर्णी वनाच्या शेंड्यांतून धावणाऱ्या आगीत ती दहा हजार किलोवॉटांहूनही अधिक होते. पहिली आग माणसे हिरव्या डहाळ्यांनी झोडपून विझवू शकतात. दुसरीच्या जवळही जाता येत नाही.

प्रकार : जळण कोणत्या थरातील आहे यावरून वणव्यांचे तीन प्रकार करतात. (१) भूपृष्ठीय वणवा : यात जमिनीवरील पाचोळा, गवत, झुडपे व लहान रोपे जळतात. महाराष्ट्रातील बहुतेक सर्व वणवे या प्रकारचे असतात. (२) शेंड्यांचा वणवा : यात आग झाडाच्या माथ्यावर चढते व एका माथ्यावरून दुसऱ्यावर जाते. राळयुक्त पाने व जमिनीपर्यंत लोंबणाऱ्या फांद्या असलेल्या सूचिपर्णी वृक्षांत हा प्रकार विशेष आढळतो. (३) भूमिगत वणवा : यात पीट किंवा कुजकट सेंद्रिय द्रव्याचा जाड थर ज्वाळेविना धुमसत राहतो. तो दिसत नाही, पण अतिशय चिवट असतो. उत्तर ध्रुवीय प्रदेशाजवळ असे वणवे बर्फाखाली हिवाळाभर धुमसून पुढील वसंत ऋतूत पुन्हा भूपृष्ठावर आल्याचे आढळले आहे.

उत्तरेकडील सूचिपर्णी वनांतील वणवे : अलास्का, कॅनडा, स्कँडिनेव्हिया व सायबीरिया यांना वेढणाऱ्या, सामान्यतः ५०° ते ७०° उत्तर अक्षांशांदरम्यानच्या वनपट्ट्यास तैगा म्हणतात. स्प्रूस, पाइन, फर व लार्च हे येथील प्रमुख वृक्ष. जमीन वर्षातील बराच काळ गोठलेली असल्याने सूक्ष्मजंतूंचे कार्य मंद चालते. गळलेल्या सूचिपर्णांचा व शेवाळींचा थर कुजण्याऐवजी साचत जातो. नायट्रोजन, फॉस्फरस इ. पोषकद्रव्ये त्यात अडकून पडतात, खालील जमीन अधिकाधिक थंड व ओली होते आणि वृक्षांची वाढ खुंटते. उष्ण प्रदेशात वाळवी, बुरशी व जंतू जे विघटनाचे काम करतात, ते येथे बऱ्याच अंशी आग करते. साचलेला थर जळाल्याने पोषकद्रव्ये मोकळी होतात, काळी झालेली जमीन सूर्याच्या उष्णतेने तापते आणि बीजाला रुजण्यास उघडी माती मिळते.

तेथील वनस्पतींची रचनाही यास अनुरूप आहे. उत्तर अमेरिकेतील जॅक पाइनचे शंकू राळेने घट्ट चिकटलेले असतात, सु. ५०° से. तापमानास राळ वितळून ते उघडतात व जळालेल्या भूमीवर बियांचा सडा पडतो. काळ्या स्प्रूसचे शंकूही अंशतः असेच वागतात. ॲस्पेन हा वृक्ष जमिनीखालील मुळांपासून पुन्हा फुटतो. सायबीरियातील लार्च व स्कॉट्स पाइन यांची साल जाड असून खालच्या फांद्या लवकर गळतात, त्यामुळे तेथे भूपृष्ठीय वणवे अधिक आणि अनेक मोठी झाडे आगीतून वाचतात. उत्तर अमेरिकेत मात्र शेंड्यांचे वणवे अधिक असून संपूर्ण वनच मरते व नव्याने सुरू होते. जळालेल्या जागी प्रथम शोभिवंत फुलांच्या ओषधी व गवते, नंतर भूर्ज व ॲस्पेन, आणि अखेरीस पुन्हा सूचिपर्णी वृक्ष असे अनुक्रमण घडते. वेगवेगळ्या वयाच्या जळितांमुळे तैगाचा प्रदेश ठिगळांच्या गोधडीसारखा दिसतो. मूस, ससे, सुतारपक्षी इ. प्राण्यांना या विविधतेचा लाभ होतो.

हे चक्र सुरळीत चालण्यास दोन आगींत साधारणपणे पन्नास ते दोनशे वर्षांचे अंतर लागते. नवे वृक्ष बी धरण्यापूर्वीच पुन्हा आग लागली, तर सूचिपर्णी वन परत येत नाही. त्याच्या जागी भूर्जादी रुंदपर्णी वृक्ष किंवा विरळ झुडपी प्रदेश येतो. वाढत्या तापमानाने हेच भय निर्माण केले आहे. तेथील वणव्यांचे मोठे कारण वीज हे असून कॅनडात जळणाऱ्या क्षेत्रापैकी बहुतांश क्षेत्र विजेने लागलेल्या आगींत जळते. मे १९८७ मध्ये चीनच्या ईशान्येकडील दाशिंगआनलिंग पर्वतप्रदेशात दहा लाख हेक्टरांहून अधिक वन जळाले. मे २०१६ मध्ये कॅनडातील फोर्ट मॅकमरी हे संपूर्ण शहर वणव्यामुळे रिकामे करावे लागले. २०२३ च्या एकाच हंगामात कॅनडात सु. दीड कोटी हेक्टर क्षेत्र जळाले. हे क्षेत्रफळ महाराष्ट्राच्या जवळजवळ निम्मे भरते. शेवाळींचा उष्णतारोधक थर जळाल्यामुळे खालची कायम गोठलेली जमीन वितळू लागते आणि शतकानुशतके साठलेला कार्बन वातावरणात जातो, ही गोष्ट साऱ्या जगाच्या हवामानाशी निगडित आहे.

महाराष्ट्रातील वणवे : महाराष्ट्रातील वनांचा मोठा भाग पानझडी आहे. पाऊस जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत पडतो. उरलेले आठ महिने जवळजवळ कोरडे जातात. पावसाळ्यात गवत व झुडपे भरघोस वाढतात, हिवाळ्यात ती वाळतात आणि जानेवारीपासून एप्रिलपर्यंत वृक्षांची पाने गळतात. अशा रीतीने जळण तयार होण्यास येथे एकच वर्ष पुरते. वणव्यांचा हंगाम साधारणपणे फेब्रुवारीच्या मध्यापासून पहिल्या पावसापर्यंत असतो. मार्च व एप्रिल हे महिने सर्वांत धोक्याचे होत.

भिवंडी तालुका हे या परिस्थितीचे चांगले उदाहरण आहे. शहर यंत्रमागांसाठी व महामार्गालगतच्या गुदामांसाठी प्रसिद्ध असले, तरी तालुक्याच्या उत्तर व पश्चिम भागांत वज्रेश्वरी–गणेशपुरीच्या बाजूस तुंगारेश्वरची डोंगररांग आहे. वसई व भिवंडी तालुक्यांत पसरलेले तुंगारेश्वर अभयारण्य (सु. ८५ चौ. किमी.) २००३ मध्ये घोषित झाले. ते दक्षिणेकडील संजय गांधी राष्ट्रीय उद्यान व ईशान्येकडील तानसा अभयारण्य यांना जोडणारा दुवा समजले जाते. साग, ऐन, कळंब, हेद, खैर, बिबला, बोंडारा, मोह, पळस व काटेसावर हे येथील नेहमीचे वृक्ष. नाल्यांच्या काठी व दऱ्यांत जांभूळ, आंबा यांसारखे सदाहरित वृक्ष आढळतात. पाऊस २,००० मिमी.हून अधिक पडत असला, तरी उतारांवरील मातीचा थर पातळ व खालचा खडक बेसाल्टचा असल्याने उन्हाळ्यात जमीन लवकर कोरडी होते. सागाचे मोठे पान वाळल्यावर वाकते व जमिनीवर सपाट बसत नाही; पानांच्या थरात हवा खेळती राहते व तो चटकन पेटतो. ओलसर दऱ्या आणि जुन्या देवराया मात्र सहसा जळत नाहीत; वणवा त्यांच्या काठाशी येऊन विझतो.

विदर्भात गडचिरोली, चंद्रपूर व मेळघाट (जि. अमरावती) येथील सागाची व मिश्र पानझडी वने वणव्यांच्या दृष्टीने संवेदनशील आहेत. पश्चिम महाराष्ट्रात घाटमाथ्यावरील गवताळ उतार, तर दक्षिण कोकणात डोंगरउतारावरील गवतासह काजू व आंब्याच्या बागा वणव्यांत सापडतात. भारतीय वन सर्वेक्षण या डेहराडून येथील संस्थेने २०१९ च्या अहवालात देशातील वनाच्छादनापैकी ३६ टक्क्यांहून अधिक क्षेत्र वारंवार आगी लागण्याजोगे असल्याचे नमूद केले आहे.

कारणे : बांबूच्या घर्षणाने वणवा लागतो, हा समज जुना व सर्वत्र पसरलेला आहे, पण महाराष्ट्रातील वणव्यांचा उलगडा त्याने होत नाही. विजा बहुधा वळवाच्या पावसाबरोबर येतात, त्यामुळे त्यांनी लागलेली आग फारशी पसरत नाही. येथील जवळजवळ सर्व वणवे माणसाच्या हातून, काही हेतूने तर काही निष्काळजीपणाने लागतात.

हेतूंमध्ये उपजीविकेचे हेतू प्रमुख आहेत. ठाणे, पालघर व रायगड जिल्ह्यांत भाताच्या रोपांसाठी राब भाजण्याची पद्धत आहे. ऐनासारख्या झाडांच्या डहाळ्या, पाचोळा, गवत व शेण यांचे थर रोपवाटिकेच्या जागी पसरून, वर माती टाकून ते पावसाळ्यापूर्वी जाळतात. त्यामुळे तणांचे बी मरते, माती भुसभुशीत होते व रोपांना राख मिळते. अनुभवी शेतकरी वाऱ्याच्या विरुद्ध बाजूने राब पेटवतो, म्हणजे तो सावकाश जळतो. तरी वाऱ्याची दिशा बदलल्यास बांधापलीकडील रान पेटते. मोहाची फुले मार्च–एप्रिलमध्ये पहाटे गळतात. पाचोळ्यात ती दिसावीत म्हणून झाडाखालचा पाला जाळतात. तेंदूच्या झुडपांना विडीसाठी लागणारी कोवळी पाने लवकर फुटावीत म्हणून रान पेटवले जाते. गुरांना नवे गवत मिळावे, शिकारीसाठी जनावर बाहेर निघावे, मधमाश्या हटाव्यात, पायवाट मोकळी व्हावी, अतिक्रमणासाठी जागा साफ व्हावी, ही इतर कारणे होत. निष्काळजीपणात टाकलेली विडी, सहलीतील न विझवलेली चूल आणि शहरांलगतच्या वनांच्या कडेला पेटवलेला कचरा यांचा समावेश होतो. भिवंडीसारख्या झपाट्याने वाढणाऱ्या शहरांभोवती हे शेवटचे कारण वाढत्या महत्त्वाचे आहे.

परिस्थितिवैज्ञानिक परिणाम : (अ) मृदा व पाणी : येथील उष्ण व दमट पावसाळ्यात पाचोळा काही महिन्यांत कुजतो, वाळवी, गांडुळे, बुरशी व जंतू त्याचे रूपांतर मातीत करतात. साचलेले सेंद्रिय द्रव्य मोकळे करण्यासाठी तैगाला आग लागते, तशी गरज येथे नसते. उलट पाचोळा जळाल्याने या जीवांचे अन्नच नाहीसे होते. राखेत पोटॅशियम, कॅल्शियम व फॉस्फरस राहतात, पण नायट्रोजनाचा बराच भाग वायुरूपाने निघून जातो. आगीनंतर दीड-दोन महिन्यांतच जूनच्या मुसळधार सरी उघड्या उतारावर कोसळतात. राखेतील द्रव्ये सरींबरोबर वाहून जातात, थेंबांच्या माऱ्याने मातीच्या पृष्ठभागावर कठीण पापुद्रा तयार होतो, पाणी जिरण्याऐवजी वाहते आणि पातळ मातीची धूप होते. तानसा धरण (१८९२) व परिसरातील इतर जलाशय मुंबई व उपनगरांना पाणी पुरवतात. त्यांच्या पाणलोटातील वनभूमी उघडी पडणे ही केवळ वनखात्याची बाब राहत नाही.

(आ) वनस्पती : वारंवार जळणाऱ्या वनात आग सोसणाऱ्या जाती टिकतात. ऐनाची जाड, चौकटी पडलेली साल आतील जिवंत थराचे रक्षण करते. सागाचे रोप आगीत वरून मरते, परंतु त्याचे मूळ जिवंत राहते. दर पावसाळ्यात त्याला नवा कोंब फुटतो व मूळ दरवर्षी जाड होत जाते. आगीला काही वर्षांचा खंड पडला तरच त्यातील एखादा कोंब ज्वाळांच्या उंचीपलीकडे वाढून वृक्ष होऊ शकतो. पळसही जमिनीलगत पुनःपुन्हा फुटतो. शेवळा, कोळीची भाजी, रानहळद यांसारख्या कंदवर्गीय वनस्पती उन्हाळा जमिनीखाली काढतात, म्हणून त्यांना वणव्याची झळ कमी लागते. ठाणे जिल्ह्यातील आदिवासी पावसाच्या आरंभी खुडतात त्या रानभाज्यांपैकी काही याच गटातील आहेत. कुसळी गवताचे बीही असेच बचावते : त्याचे कुसळ ओलावा लागला की पीळ सोडत फिरते व बीज मातीत रुतवते. वारंवार जळणाऱ्या माळांवर सकस चाऱ्याची गवते मागे पडून कुसळीचे प्रमाण वाढते.

दरवर्षीच्या आगीने सदाहरित व पातळ सालीच्या जातींची रोपे, वेली आणि खोडांवरील ऑर्किडे नाहीशी होत जातात. वरवर पाहता वन उभेच असते, म्हणून ऱ्हास लक्षात येत नाही. खोडांची मोजणी वयोगटांनुसार केली म्हणजे मधल्या पिढीचा अभाव उघड होतो. दक्षिणेकडील मुदुमलै (तमिळनाडू) परिसराच्या अभ्यासातही पुनरावृत्तिकाळ तीन-चार वर्षांवर आल्याचे आणि अशा आगींमुळे लहान खोडे व रोपे अधिक प्रमाणात मरत असल्याचे आढळले आहे. विरळ झालेल्या वनात ऊन व वारा जमिनीपर्यंत पोहोचतात. घाणेरी व रानमोडी ही परदेशांतून आलेली झुडपे तेथे माजतात. रानमोडीची वाळलेली खोडे जलद पेटतात, आणि जळूनही ती मुळापासून पुन्हा फुटते. अशा रीतीने एक वणवा पुढील वणव्याची तयारी करून ठेवतो.

(इ) प्राणी : चितळ, सांबर यांसारखे मोठे प्राणी आगीपासून दूर जाऊ शकतात व नंतर जळितावरील कोवळ्या गवतावर चरण्यास येतात. आघाडीपुढे उडणारे कीटक टिपण्यासाठी कोतवाल व नीलपंख जमतात. पण हा लाभ अल्पकाळाचा असतो. सरपटणारे प्राणी, गोगलगायी, पाचोळ्यातील कीटक व त्यांच्या अळ्या यांना पळता येत नाही. टिटवी, रातवा यांसारखे जमिनीवर अंडी घालणारे पक्षी उन्हाळ्यातच वीण करीत असल्याने त्यांची अंडी व पिले आगीत सापडतात. ढोलीचे जुने वृक्ष बुंध्याशी धुमसून कोसळले म्हणजे घुबडे, धनेश व उडत्या खारी यांची घरे जातात.

(ई) मनुष्य : वणव्याचा पहिला तोटा वनावर जगणाऱ्यांनाच होतो. मोहाखालची आग मोहाची रोपे नष्ट करते. आज फुले वेचणाऱ्याच्या नातवासाठी नवी झाडे उरत नाहीत. सरपण, चारा, गवताच्या गंजी, काजूच्या बागा व कधी वनालगतचे पाडेही जळतात. आग विझवताना वनमजुरांना व वनरक्षकांना जीव गमवावे लागल्याच्या घटनाही घडल्या आहेत.

संरक्षणनीतीचा इतिहास : भारतात वणव्यांपासून वनांचे पद्धतशीर संरक्षण १८६० च्या दशकात मध्य प्रांतातील बोरी येथील वनात पीअर्सन या अधिकाऱ्याने सुरू केले. ते यशस्वी झाल्यावर आग संपूर्णपणे टाळणे हे वनखात्याचे ध्येय बनले. परंतु १८९० च्या दशकात ब्रह्मदेशातील काही वनाधिकाऱ्यांनी असे दाखवून दिले, की संरक्षित दमट वनांत बांबू व झुडपे माजून सागाचे पुनर्जनन थांबते. त्यानंतर काही वनांत, हंगामाच्या आरंभी जळण पुरते वाळण्यापूर्वी, हलकी जाळणी करण्याची पद्धत स्वीकारली गेली. आग नेहमीच घातक किंवा नेहमीच हितकर असते, ही दोन्ही मते वनशास्त्राला तेव्हापासून सोडून द्यावी लागली.

ठाणे जिल्ह्यात हा प्रश्न राबाशी जोडलेला होता. वनांच्या राखीवीकरणामुळे डहाळ्या तोडण्यावर निर्बंध आले व शेतकरी आणि आदिवासी यांच्यात असंतोष पसरला. मुंबई सरकारने १८८५ मध्ये नेमलेल्या वन आयोगाने ठाणे व कुलाबा जिल्ह्यांतील तक्रारींची चौकशी करून १८८७ मध्ये अहवाल दिला. राब हा तीतील एक प्रमुख विषय होता. भारतीय वन अधिनियम, १९२७ च्या कलम २६ अन्वये राखीव वनात आग लावणे हा गुन्हा आहे. वनात हक्क असणाऱ्यांनी आगीची खबर देणे व ती विझवण्यास मदत करणे कलम ७९ अन्वये बंधनकारक आहे. अभयारण्यात आग लावण्यास वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ च्या कलम ३० ने मनाई केली आहे. तथापि ज्या वनाच्या उत्पन्नात वाटा नाही ते राखण्यास माणसे केवळ कायद्याने पुढे येत नाहीत, हा दीर्घ अनुभव आहे.

प्रतिबंध व नियंत्रण : वणवे रोखण्याचा जुना व आजही मुख्य उपाय म्हणजे जाळरेषा. हंगामापूर्वी रस्त्यांच्या कडेने, वनकक्षांच्या सीमांवर व डोंगरधारांवर ठराविक रुंदीचे पट्टे साफ करून त्यांवरील गवत व पाचोळा नियंत्रित रीतीने जाळतात, म्हणजे आगीला पुढे जळण मिळत नाही. हंगामात पहाऱ्यासाठी मजूर नेमतात. मेळघाटात त्यांना अंगारी म्हणतात. आग हिरव्या डहाळ्यांनी झोडपून, तसेच पाचोळा उडवून मोकळा पट्टा तयार करणाऱ्या हवा फेकणाऱ्या यंत्रांनी विझवतात. मोठ्या आघाडीसमोर काही अंतरावरून उलट आग सोडण्याचा उपाय फक्त अनुभवी माणसांनीच योजावयाचा असतो.

भारतीय वन सर्वेक्षण २००४ पासून उपग्रहांद्वारे आगींची स्थाने शोधून राज्यांच्या वनखात्यांना कळवते. प्रारंभीच्या उपकरणात भूपृष्ठाचा लहानात लहान घटक १ किमी.चा होता, २०१७ पासून वापरात आलेल्या उपकरणात तो ३७५ मी.चा आहे. उपग्रहाची सूचना उपयुक्त असली, तरी ती आग लागल्यानंतरची असते आणि दाट छायेखालची किंवा दोन फेऱ्यांच्या दरम्यान विझलेली आग तीतून निसटते. वणव्यांविषयीची राष्ट्रीय कृतियोजना २०१८ मध्ये तयार करण्यात आली. तीत वनालगतच्या लोकांच्या सहभागावर भर आहे.

आगीमागील गरज दुसऱ्या मार्गाने भागवणे हा सर्वांत टिकाऊ प्रतिबंध ठरतो. मोहाच्या झाडाखाली जाळी वा कापड अंथरल्यास पाला जाळावा लागत नाही. तेंदूची झुडपे जमिनीलगत छाटल्यास आगीविना नवी पालवी फुटते. गादीवाफ्यावर रोपे तयार करण्याची पद्धत आणि डॉ. ना. कृ. सावंत यांच्या चारसूत्री भातलागवडीत सांगितलेला भाताच्या तुसाच्या काळ्या राखेचा वापर यांमुळे राबाची गरज कमी होते. वन हक्क अधिनियम, २००६ अन्वये सामूहिक वनहक्क मिळालेल्या गावांचा अनुभवही बोलका आहे. पाचगाव (जि. चंद्रपूर) येथील ग्रामसभेने, तेंदूपाने गोळा करताना फांद्या तोडल्या जातात व रान पेटवले जाते, म्हणून उत्पन्नाचा मोह बाजूस ठेवून ते संकलन बंद केले व बांबूवर भर दिला.

महाराष्ट्राच्या पानझडी वनांतून आग पूर्णपणे नाहीशी होण्याची शक्यता कमी आहे आणि काही जातींना ती अधूनमधून उपकारकही ठरते. परंतु येथील वनाला आगीची नव्हे, आगींमधील अंतराची उणीव आहे. सागाच्या, मोहाच्या वा बिबल्याच्या रोपाला आगीच्या आवाक्यापलीकडे वाढण्यास सलग काही आगरहित वर्षे लागतात. भिवंडीपासून गडचिरोलीपर्यंतच्या वनांचे पुनर्जनन ही वर्षे त्यांना मिळण्यावर अवलंबून आहे.